रेनाटेताईंचे दोन शब्द

रेनाटेताई गेल्याचा फोन आला, तेव्हा खडकीला घरी मी त्यांच्याच पटकथेच्या मराठी संवादांशी झगडत होते. त्यांचा मुलगा शेखर म्हणाला, "शमीममावशी, आई पहाटे गेली... रविवारचं वाचन राहू द्या आता." मी म्हटलं, "रविवारी नको तर नको. पण वाचन होणार." त्याला ते उद्धट वाटलं असेल. पण त्या वाचनासाठी ताई अर्धं आयुष्य थांबल्या होत्या.

समाजवादी राजवटीतल्या पूर्व जर्मनीत त्या पटकथा लिहीत. त्यांत क्रांतीबिंती नसे. रांगेतल्या बायका, गळका नळ, पाळणाघर बंद व्हायच्या आत पोचायला धावणारी आई असे. प्रत्येक पटकथा आधी सरकारी समितीपुढे जाई. म्हणून लेखक एक युक्ती करत: कात्री चालवायला एखादा भडक प्रसंग मुद्दाम घालायचा, म्हणजे बाकीचं वाचतं. ताईंनी एकदा पिऊन भाषण करताना मंचावरून कोसळणारा कारखान्याचा संचालक घातला. समितीला तो भलताच आवडला! 'निकोप आत्मटीका' म्हणून तो राहिला आणि उडाला तो स्वयंपाकघरातला साधा प्रसंग. कारखान्यातून आलेली बाई बटाटे सोलता सोलता म्हणते, "दमले मी." कामगारांच्या राज्यात कामगार दमत नाही, म्हणे. हे सांगताना ताई हसत नसत. "शमीम, अख्खा सिनेमा त्या दोन शब्दांसाठी लिहिला होता गं."

पुढे बर्लिनची भिंत पडली. समिती गेली, तसं ताईंचं कामही गेलं. तिकडे शिकायला गेलेल्या आपल्या पुणेकर इंजिनिअर नवऱ्याबरोबर त्या नारायण पेठेत आल्या. शेजारच्या पानसेकाकूंनी "दुपारी बेल वाजवायची नाही" असं सांगून त्यांचं स्वागत केलं. मी जर्मन शिकवायचे, म्हणून ती पटकथा आम्ही दोघी मराठीत आणू लागलो. मी 'मी थकून गेले आहे' असं लिहिलं, तर ताईंनी कागद परत केला. "बटाटे सोलताना असं बोलतेस तू?" असं दटावणारं आता कोणी नाही, याचं मला फार वाईट वाटतं... आणि त्या वाचनाच्या थोड्या आधी गेल्या, याचा रागही येतो.

गेल्या आठवड्यात त्यांच्याच स्वयंपाकघरात, घरच्या-शेजारच्यांसमोर वाचन झालं. शेखरची बायको मृणाल खराडीच्या ऑफिसातून तडक आली. गळ्यातलं ओळखपत्रसुद्धा काढलं नव्हतं तिने. ओट्याशी उभी राहून वाचता वाचता ती त्या जागी आली. "दमले मी," म्हणाली आणि थांबली.

तेवढ्यात मागून पानसेकाकू करवादल्या, "मग बस की जरा! बटाटे काय पळून चाललेत?"

कोणी हसलं नाही. मृणाल खरंच खुर्चीवर बसली आणि पदर नसलेल्या बाया जशा रडतात, तशी मनगटाने डोळे पुसत रडली.

काकूंचं वाक्य मी पटकथेत घातलं आहे. ज्या समितीला ते काढायचं असेल, तिने माझ्याकडे यावं. दुपारी आली तरी चालेल.