चेकोबाची दाढी

शूर माणसाकडे किस्से कमी असतात. 'गेलो, केलं, आलो' एवढ्यात त्याचं आटपतं. घाबरट माणूस मात्र दार कुठे, खिडकी कुठे, कोण खोकलं, सगळं लक्षात ठेवतो. मी पक्का घाबरट. त्यात ब्रिस्टलच्या एका छोट्या फिल्म संग्रहालयात जुनी रिळं साफ करायची नोकरी. ही रिळं जरा तापली तरी पेट घेतात, आणि एकदा पेटली की पाण्याखालीही जळतात. मग किस्से साठणारच!

*

दोन वर्षांपासून आमच्याकडे मूकपटांच्या काळातल्या एका चेक नट-दिग्दर्शकाची रिळं आहेत. नाव जिभेला झेपेना, म्हणून मी आणि सिया त्याला 'चेकोबा' म्हणतो. सिया माझी सहकारी, जन्म लंडनच्या पिनर उपनगरातला. पहिल्याच दिवशी मी खिशात मोबाइल घेऊन रिळांच्या खोलीत शिरत होतो, तर ती दारातच आडवी झाली. "काका, बॅटरी गरम होते. तुम्ही जळाल, दॅट्स फाइन. पण फिल्म परत नाही मिळत."

*

चेकोबा कायम खलनायक. गळे दाबणारा, विहिरीत ढकलणारा, आणि दर वेळी चेहरा झाकणारी भली मोठी दाढी. एका चित्रपटात त्याने खरं अस्वल आणलं होतं. नीट पाहिलं तर अस्वलच मागे सरकताना दिसतं. ते दृश्य साफ केल्यावर मी आठवडाभर जिन्यात मागे वळून बघत होतो. पुढे बोलपट आले, त्याचा आवाज निघाला चिरका, आणि कामं बंद झाली. चिरक्या आवाजाच्या खुन्याला कोण घाबरणार?

*

आमच्या साहेबांचा, कॉलिनचा, एक नियम आहे. रिळाचं टोक तपकिरी, चिकट झालं असेल तर ते कापायचं आणि पेटायच्या आत पाण्याच्या बादलीत बुडवायचं. नाहीतर ते नक्कल काढायच्या मशीनमध्ये अडकून अख्खं रीळ फाटतं. मागच्या वर्षी मी चेकोबाचं असंच एक टोक कापलं. नंतर डब्यातल्या चेक कागदाचं भाषांतर आलं. प्रत्येक चित्रपट संपला की हा गृहस्थ कॅमेऱ्यासमोर दाढी काढून वाकून नमस्कार करायचा. त्याचा उघडा चेहरा मी बादलीत बुडवला होता. त्या दिवशी मला जेवण गेलं नाही.

*

मग त्याची मुलगी इंग्लंडमध्येच सापडली. वय त्र्याण्णव. दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर ज्यू बापाने सात वर्षांच्या लेकीला एकटीलाच आगगाडीत बसवून इकडे पाठवलं. तो मागे राहिला, काही महिन्यांत पत्रं थांबली. फोटो एकही नाही. फोनवर बाई म्हणाल्या, "मला त्यांचा आवाज आठवतो. चेहरा गेला."

बाकीच्या रिळांची टोकं आमच्याकडे यायच्या आधीच गळून गेलेली; टोक शाबूत असलेलं एकच रीळ उरलं होतं. तेही तपकिरी व्हायला लागलेलं.

*

कॉलिनने टेबलावर कात्री आणून ठेवली. सिया म्हणाली, "काका, कापू का?"

"नको. हाताने फिरवू," हे माझ्याच तोंडून निघालं, याचं मला आजही आश्चर्य वाटतं.

सिया मशीनमधून हाताने एकेक इंच फिल्म सरकवत होती. मी बादली धरून उभा, एक डोळा दारावर. चिकटलेले थर सुटताना करकर आवाज यायचा. प्रत्येक आवाजाला वाटायचं, गेलं. सगळी चित्रं नकलेत उतरली आणि त्याच क्षणी सियाच्या बोटांत त्या टोकाचा चुरा झाला.

*

बाई आल्या. आम्ही त्यांना पडद्यासमोर खुर्ची दिली. चेकोबा नेहमीप्रमाणे मेला, उठला, गुडघे झटकले आणि दाढी ओढून काढली. तिशीसुद्धा उलटली नसेल. हसला, वाकला.

बाई पुढे झुकून बघत राहिल्या. चित्र संपलं तरी बघत होत्या. मग सियाचा हात धरून हळूच म्हणाल्या, "हा तर पोरगा आहे गं. शेवटच्या घडीला ह्याच्याजवळ कोणी होतं का?"