देवकापशीची हिमनदी

हिमनदी डोंगर कसा कोरते हे पोरांना दाखवण्यासाठी मी आत्याचा देवकापूस ओल्या काळ्या मातीतून फरफटत नेला. आत्यानं तो माझ्या बहिणीच्या लग्नाच्या लुगड्यासाठी साठवला होता. मूर्खपणा एवढाच. पुढचं सगळं ही या एका वाक्याची शेपटी आहे, ती मात्र बरीच लांब निघाली.

पन्नास सालानंतरची गोष्ट. मी नुकताच मास्तर झालो होतो आणि केळझरच्या अलीकडच्या आमच्याच गावी शाळेत भूगोल शिकवत होतो. शिकवत होतो असं पगारपत्रकात लिहिलेलं असे. त्या वर्षी हेडमास्तरांनी सांगितलं की डिप्टीसाहेब तपासणीला येणार आहेत, तुमचा एक पाठ ते बघणार, काहीतरी दाखवून शिकवा. मी पुस्तक उघडलं आणि त्यातला सगळ्यात कठीण धडा निवडला, हिमनदीचं कार्य. सोपा धडा घेतला तर आपण हुशार कसे दिसणार, हा त्यातला हिशोब.

आता आमचा मुलूख कसा, तर सपाट. उंच म्हणाल तर केळझरच्या टेकड्या, आणि त्याही गाईगुरांना सहज चढता येतील अशा. खाली काळी माती, तिच्याखाली काळा दगड. तो दगड एके काळी जमिनीतून उकळत आलेला रस, थिजून झालेला. म्हणजे आमची सगळी भूमी आगीनं केलेली, आणि मी तिच्यावर उभा राहून बर्फाबद्दल बोलणार. बर्फ मी स्वतः पाहिला होता तो वर्ध्याच्या बाजारात. लाकडाच्या भुशात गुंडाळलेली लादी, गोळेवाला तिच्यावर रंधा ओढायचा तेवढा.

पोरांचंही तेच. पहिल्या दिवशी मी सांगितलं, हिमालयात बर्फाच्या नद्या असतात, त्या सावकाश खाली सरकतात आणि डोंगर कोरतात.

मागच्या बाकावरून आवाज आला, "गुरुजी, बर्फ तं तोंडात घातला का इरघयते. थो गोटा कसा कोरीन?"

"जड असतो म्हणून."

"किती जड? बैलबंडीयेवढा?"

"गावाएवढा."

"मंग थो सरकते कसा?"

याचं उत्तर पुस्तकात होतं, पण मला ते समजलं नव्हतं. मी म्हणालो, "तपासणीच्या दिवशी दाखवतो." तेव्हापासून मी अडकलो.

शाळेच्या ओसरीत मी डोंगर उभा केला. नाल्यावरची काळी माती आणली, तिचं एक शिखर केलं, शिखरापासून खाली उतरणारी खाच केली, तिला वर दोन फाटे आणि बाजूला एक लहान खाच. अडचण राहिली बर्फाची. वर्ध्याहून लादी आणायची तर सायकलवरच तिचं पाणी व्हायचं. मग कापूस सुचला. सुचायला कुणी विद्वान लागत नाही. आमच्या जिल्ह्यात कापसाच्या गाड्या रस्त्यावर सांडत जातात. हात पुढं केला असता तर कुणीही ओंजळभर दिला असता. पण त्या कापसात पत्ती असते, सरकी असते, रंगही पिवळट. मला डिप्टीसाहेबांसाठी शुभ्र बर्फ हवा होता. आणि शुभ्र बर्फ आमच्याच घरात, आत्याच्या टोपलीत होता.

आत्या ही वडिलांची थोरली बहीण. लहानपणीच विधवा होऊन माहेरी आलेली. परसात तिची देवकापशीची दोन झाडं होती. त्यांची बोंडं ती फुटतील तशी रोज वेचायची, पाटावर लोखंडी सळई फिरवून सरकी काढायची, लहानशा धनुकलीनं कापूस पिंजायची आणि त्याचे पेळू वळून ठेवायची. पेळू म्हणजे सूत काढण्यासाठी केलेली कापसाची सैल गुंडाळी. मागच्या हंगामापासून ती हे साठवत होती. वैशाखात माझ्या धाकट्या बहिणीचं लग्न होतं आणि हळदीत रंगवायचं नवरीचं पिवळं लुगडं आत्याच्या सुताचं असायचं होतं.

त्यामागचं कारण ती एकदाच बोलली होती, बहिणीजवळ. मी ओसरीवर होतो म्हणून ऐकलं.

"मले मांडवात मांगंच बसा लागते, बाई. हयद लावाले कोनी बलावत नाई. पन सुताले कोनी इचारत नाई का तू कोनाच्या हातचं. माहं सूत तुह्या आंगावर राहीन, बस."

हे मी ऐकलेलं होतं. तरी मी टोपली उचलली. वाटलं, कापूस कोरडाच ठेवायचा, पाठ झाला की झटकून परत. आत्या सकाळी वावरात गेली होती. तिला कळणारही नव्हतं.

पेळू शेजारी शेजारी अंथरले तर हुबेहूब हिमनदी दिसू लागली. वरच्या दोन खाचांतून दोन धारा येऊन खाली एक होत होत्या. कापसाच्या पोटाखाली मी गारगोट्या आणि गिट्टी ठेवली, कारण पुस्तकात होतं की हिमनदी पोटाखाली धोंडे धरून चालते आणि त्यांनीच खडक खरवडते. डिप्टीसाहेब खुर्चीत बसले. हेडमास्तर त्यांच्यामागं उभे. मी सांगितलं, "आता पाहा, हिमनदी दरी कशी कोरते," आणि कापूस खाली ओढला.

कापूस अलगद खाली आला. धोंडे जागच्या जागी राहिले. मातीवर साधा ओरखडाही नाही.

"गुरुजी, हे हिमनदी नाई, हे तं रुईची म्हातारी उडून राह्यली," तोच मागचा आवाज. पोरं हसली. डिप्टीसाहेबांनी घड्याळ पाहिलं.

तिथं माझ्या डोक्यात जे शिरलं त्याला बुद्धी म्हणायची माझी हिंमत नाही. हिमनदीचं वजन कुठून येतं, पाण्यातून! मी माठातला लोटा भरून कापसावर ओतला. देवकापूस पाणी सहज पीत नाही, ते वरूनच ओघळलं. मग मी दोन्ही हातांनी कापूस चुरगाळून भिजवला, परत खाचेत घातला, तळव्यानं दाबला आणि जोर लावून खाली ओढला.

आणि दरी कोरली गेली. अशी सुरेख, की मीच बघत राहिलो. मघाची निमुळती खाच आता तळाशी रुंद आणि दोन्ही कडांनी उभी झाली होती, पुस्तकातल्या चित्रातल्या यू अक्षरासारखी. मातीवर गारगोट्यांच्या समांतर रेघा उमटल्या होत्या. बाजूची एक लहान खाच वरच अधांतरी राहिली होती, तीच लोंबती दरी, जिच्यातून पुढं धबधबे पडतात. आणि जिथं मी ओढणं थांबवलं तिथं मातीचा आणि गोट्यांचा ढीग साचला होता. हिमोढ! हा शब्द मी इतक्या मोठ्यानं ओरडलो की ओसरीवरची चिमणी उडाली.

मागच्या बाकावरचा म्हणाला, "आता समजलं गुरुजी. बर्फ नाई कोरत, बर्फाच्या पोटातले गोटे कोरते."

डिप्टीसाहेब उठून जवळ आले. त्यांनी बोटानं ती दरी तपासली आणि म्हणाले, "असा पाठ मी आजवर पाहिला नाही." आयुष्यात मी एवढं चांगलं पुन्हा कधी शिकवलं नाही. माझ्या हातात मात्र काळा लगदा होता.

तो मी विहिरीवर धुतला. धुतला तसा त्याचा गोळा झाला. पिळून शाळेच्या कवलांवर वाळत घातला आणि रिकाम्या हातांनी घरी आलो. आत्या परसात चरख्यापुढं बसलेली.

"टोपली कोठी गेली रे?"

आता इथं तरी माणसानं खरं सांगावं. मी म्हणालो, "वानरं आलती, आत्या. घेऊन गेली."

"वानराले कापूस कायले लागते, बाप्पा?"

"अंथरायला."

बहीण दारातून माझ्याकडं पाहत होती. आत्या मात्र उठली. भावाचा पोरगा, शाळेत मास्तर, तो खोटं कशाला बोलेल? तिनं काठी घेतली आणि गावाबाहेरच्या चिंचांखाली गेली. शेजारच्या दोघीही तिच्यासोबत. झाडाझाडाखाली वाकून त्या कापसाचे पेळू शोधत होत्या. दिवस कलताना ती परत आली तेव्हा हात बोरीच्या काट्यांनी ओरबाडलेले होते.

"एकई पेळू नाई भेटला," ती म्हणाली. "तू जेवला का?"

मी जेवलो. तेही सांगून टाकतो. दोन भाकरी खाल्ल्या.

दुसऱ्या दिवशी शाळेची पोरं दारावरून ओरडत गेली, "गुरुजी, तुमची हिमनदी चिमण्या नेऊन राह्यल्या! कवलावरचा कापूस अर्धा गेला!"

आत्या अंगणातच होती. तिनं माझ्याकडं पाहिलं आणि विचारलं, "कोनता कापूस?"

मी सांगितलं. सगळं, हिमोढापर्यंत. शिव्या येतील म्हणून मान खाली घालून थांबलो. त्या आल्या नाहीत. आत्या दुसरी टोपली घेऊन शाळेत गेली आणि पोरांकडून कवलांवरचा कापूस उतरवून घेतला. हेडमास्तर तिला म्हणाले, "बाई, तुमच्या भाच्यानं काल शाळेचं नाव राखलं."

"राह्यलं ना नाव?" आत्या म्हणाली. "बरं झालं."

मग तिनं तो कापूस रिठ्याच्या पाण्यात धुतला, वाळवला, बोटांनी तंतू तंतू सोडवला. चिमण्यांनी नेला त्याच्या जागी परसातल्या झाडांची उशिराची सगळी बोंडं घातली. पण काळी माती ती काळी माती. बरंचसं सूत पांढरं निघालं आणि काही करडं. मी कोष्ट्याकडं जाऊन हात जोडले, करडं वेगळं काढून ठेव म्हटलं. तो म्हणाला, "वेगळं काढलं तर लुगडं अपुरं पडते, मास्तर." शेवटी करडं सूत उभ्या धाग्यांत गेलं. पांढऱ्या लुगड्यावर या टोकापासून त्या टोकापर्यंत बारीक करडे पट्टे आले.

आत्या म्हणाली, "हयदीत दिसनार नाई." हळदीत ते जास्तच दिसलं असतं. कडेचा एक कोपरा बुडवून पाहिला तर पट्टा शेवाळाच्या रंगाचा झाला. नवऱ्याकडची एक म्हातारी त्या दिवशी आलेली होती. तिनं तो कोपरा पाहिला आणि पाय मागं घेतला.

"अवं माय, हे काय काळं? नवरीले काळं घालता का?"

बहीण म्हणाली, "मी हेच नेसीन." पण तिचं कोण ऐकणार? वडील वर्ध्याला गेले आणि दुकानातून गिरणीचं लुगडं घेऊन आले. तेच हळदीत रंगवलं. लग्नात मांडवाच्या मागच्या खांबाजवळ आत्या बसली होती, इतर बायांच्या आड. अक्षता टाकताना तिचा हात वर झाला तो मी पाहिला. दाणे पुढच्या बायांच्या पदरांत पडले. मग मी पंगतीची पाणी वाढायची बादली उचलली आणि तिच्या नजरेला पडणार नाही अशा बाजूनं दिवसभर पाणी वाढत राहिलो.

करड्या पट्ट्यांचं लुगडं आत्याच नेसू लागली. "पांढरंच तं हाये, मले चालते," म्हणायची. रोज सकाळी ते दोरीवर वाळत असे आणि मला शाळेत जायला त्याच्याखालूनच वाकून जावं लागे. वाट दुसरीही होती, पण ती घेताना दिसलो असतो.

काही वर्षांनी मी तिला म्हणालो, "आत्या, तुला बद्रीनाथला नेतो."

"मले नेतो का सोताले हिमनदी पाहाची हाये?"

दोन्ही, असं मी म्हणालो. पहिलं खरं किती आणि दुसरं किती, हे मी आजही नीट सांगू शकणार नाही.

मोटार जिथं संपली तिथून यात्रेकरूंबरोबर चाललो. देवदर्शन झालं. मग एक वाटाड्या घेऊन माणा गावाच्या वर गेलो. दरी तशीच होती, ओसरीवरच्या चिखलात केलेली, तळाशी रुंद आणि कडांना उभी. बाजूची लहान दरी वरच थबकलेली आणि तिच्यातून धबधबा वाऱ्यावर उडत होता. मी आत्याला सारखा दाखवत होतो. ती काठी टेकत चालत होती. मग पुढं धोंड्यामातीचा एक प्रचंड ढीग लागला, रस्त्याच्या कामाला गिट्टी टाकावी तसा. मी वाटाड्याला विचारलं, "भैया, हिमनदी कहाँ है?"

"सामने यही तो है, मास्टरजी."

मी त्या ढिगात शुभ्र बर्फ शोधत राहिलो. शुभ्र नव्हताच. धोंड्यांच्या फटींतून दिसत होता तो मळका, काळसर. आणि वर, जिथं दोन धारा एक होत होत्या तिथून खाली, बर्फाच्या अंगावर लांबच लांब करडे पट्टे उतरले होते. दोन हिमनद्यांच्या कडांचा चिखल मिसळला की असा पट्टा मधून वाहत येतो, हे पुस्तकात होतं. मी वाचलेलंही होतं. तरी डिप्टीसाहेबांसाठी मला पांढरा हवा होता. रस्त्यावरच्या गाड्यांतला पत्तीचा, सरकीचा, कुणीही फुकट दिला असता असा कापूस हिमनदीला जास्त शोभला असता.

आत्या त्या बर्फाकडं पाहत होती. अंगावर तेच लुगडं. मला एकाएकी फार हलकं वाटलं, आणि ते तोंडातून निघूनही गेलं.

"पाहा आत्या, तुझ्या लुगड्यासारखेच पट्टे! म्हणजे मी केली ती हिमनदी चुकली नव्हती. खरी हिमनदी मळकीच असते."

आत्यानं पट्ट्यांकडं पाहिलं, मग पदराकडं, मग माझ्याकडं.

"डोंगरानं सोताचाच बर्फ मयवला," ती म्हणाली. "तुह्यावानी दुसऱ्याचा कापूस नाई नासवला."