मोहफुलांचं पानकम

आमच्या घरात दारूला मज्जाव आहे आणि तो मीच केलेला आहे. हे आधीच सांगितलेलं बरं.

आमच्या लेकीचं, प्रणालीचं, स्थळ सिरोंच्याजवळच्या एका गावातलं. मुलगा तिनंच पसंत केलेला, घर तेलुगू वळणाचं. त्याचे वडील मल्लय्याभाऊ म्हणजे गावच्या दारूबंदी समितीचे अध्यक्ष! बायकांना सोबत घेऊन जंगलात शिरायचे आणि हातभट्टीची मडकी फोडायचे. असा माणूस साक्षगंधाचं, म्हणजे साखरपुड्याचं, ठरवायला आमच्याकडे गोंडपिपरीला येणार होता. त्यांचा होकार येईपर्यंत प्रणालीच्या घशाखाली घास उतरत नव्हता.

अशा वेळी शहाण्या बापानं चहा-पोहे करावेत. पण मी मोबाईलवर ‘फ्यूजन कॉकटेल’चा व्हिडिओ पाहिला होता! दोन प्रांतांची चव एका ग्लासात, सोबत दोन्हीकडचं साधं खाणं. (बिनदारूचं अर्थात. मी काय वेडा आहे?) आमच्याकडची मोहफुलं आणि त्यांच्याकडचं पानकम, म्हणजे गूळ-सुंठ-मिऱ्यांचं सरबत. खायला आमचे लाखोळीच्या डाळीचे वडे आणि त्यांचे इडलीच्या पिठाचे तळलेले पुनुगुलू.

स्वाद मुरावा म्हणून मी मोहफुलं आणि गूळ मडक्यात एकत्र भिजवले आणि वर फडकं बांधलं. चार दिवस. मे महिन्यात!

तिसऱ्या दिवशी बायको म्हणाली, "अहो, मडकं बुडबुड करून राह्यलं."

"मुरून राह्यलं ते!"

"वास काऊन असा येऊन राह्यला?"

"तुले फ्यूजनमधलं काई समजत नाई."

पाहुणे आले. थंडगार ग्लास, वर पुदिन्याचं पान! मल्लय्याभाऊंनी वडा खाल्ला, पुनुगुलू खाल्ला, मान डोलावली. मग सरबताचा एक घोट घेतला आणि थांबले. ग्लास नाकाशी नेला.

"भाऊ, मोहफूल किती दिवस भिजवलं?"

"चार!" मी छाती फुगवून म्हणालो.

"गूळ टाकला?"

"दोन किलो!"

"मडक्यात?"

"नव्याकोऱ्या!"

(इतक्या उत्साहानं कबुलीजबाब देणारा आरोपी त्यांना पहिल्यांदाच भेटला असेल.)

"याले मोहसडवा म्हणतेत, भाऊ. भट्टीवर चढवाचाच बाकी ठेवला तुमी."

प्रणालीच्या हातातल्या ताटातले वडे एकेक करून खाली पडत होते आणि तिला ते कळतही नव्हतं. पोरीचं लग्न मी स्वतःच्या हातानं मोडलं होतं.

"मी तर थेंबही पीत नाई हो!" मी कसाबसा म्हणालो.

"ज्याच्याकडे सापडते, तो हेच म्हणते." ते उठले. "मडकं कुठी हाय?"

परसात नेऊन त्यांनी मडकं दगडावर आपटलं. मग हात झटकत म्हणाले, "आमच्या गावचा नियम हाय. ज्याच्या घरी सडवा सापडला, त्यानं दारू सोडल्याची शपथ घ्याची. मंग माफी."

"पण मी तुमच्या गावचा कुठी?"

"सोयरे झाले ना आता! आमच्याच गावचे. घ्या शपथ, मंग साक्षगंधाची तारीख काढू."

प्रणाली रडता रडता हसायला लागली. मी असा झटकन हात पुढे केला की विचारू नका!

लग्नानंतर त्यांच्या गावी गेलो. चौकात समितीचा फलक होता, ‘दारू सोडलेले गावकरी’. सगळ्यात वर माझं नाव! एका म्हाताऱ्यानं कौतुकानं हात धरला. "कशी सोडली, भाऊ? मले बी सांगा ना."

काय सांगणार! सोडली खरी. प्यायची तेवढी राहून गेली.