कापसाची आंघोळ

आमच्याकडे पाहुणा आला, की चहाबरोबर कापसाच्या आंघोळीची गोष्ट निघतेच. एक संपते न संपते तोच कोणीतरी म्हणतं, "आणि ती साटांची सांग ना!"

कापूस म्हणजे आमचा कुत्रा. चौऱ्याऐंशी-पंच्याऐंशीच्या सुमारास मिलिटरीतल्या काकाने हिमालयाकडून आणलेला. आला तेव्हा ओंजळीत मावायचा, वर्षभरात अस्वल झाला! रत्नागिरीच्या घामट हवेत ते गुडघाभर केस आणि तो वास! आईने भाऊंना, म्हणजे माझ्या वडलांना, मे महिन्यातच बजावलं, "गणपतीपर्यंत वास गेला नाही, तर हा देवरुखला माझ्या भावाकडे जाईल." भाऊंचा चेहरा उतरला. फार जीव होता हो त्यांचा त्याच्यावर.

*

पहिली आंघोळ विहिरीवर. भाऊंनी त्याला दोराने खांबाला बांधलं आणि गार पाण्याची कळशी थेट डोक्यावर ओतली. दोर तोडून कापूस जो सुटला, तो शेजारच्या काकूंच्या अंगणात! तिथे आंब्याच्या रसाच्या पोळ्या, म्हणजे साटं, वाळत घातलेली. बरोब्बर मधोमध उभं राहून त्याने अंग झाडलं.

काकू ओरडल्या, "भाऊ, यंदाची साटं आता तुम्हीच खायची सगळी!"

खाल्ली. केस काढून काढून खाल्ली.

*

मग भाऊ गुरांच्या डॉक्टरांकडे गेले. "त्याला शांत करायचं औषध द्या काहीतरी."

डॉक्टर म्हणाले, "तुमच्या डोक्यावर न सांगता कुणी कळशी ओतली तर?"

"पळेन की!"

"मग त्याने काय केलं?"

आधी केस विंचरा, पाय घसरू नयेत म्हणून खाली गोणपाट टाका, कोमट पाणी पायांपासून वर घ्या, आणि एका सुरात त्याच्याशी बोलत राहा, असं त्यांनी समजावलं.

*

आता भाऊ पडले मुखदुर्बळ. न अडखळता येणारी गोष्ट एकच, रामरक्षा! पंचा नेसून त्यांनी सुरू केली आणि कापूस चक्क डोळे मिटून बसला. पण केस इतके दाट, की रामरक्षा संपली तरी पाणी कातडीला लागलेलं नसायचं. आवाज थांबला की हा उठलाच! पुन्हा पहिल्यापासून.

कुंपणावरून शेजारचे काका विचारायचे, "काय भाऊ, कुठवर आलं?"

"दोनदा झाली. पोट बाकी आहे!"

*

पावसाळ्यात मात्र भाऊंची कंबर धरली. आंघोळी थांबल्या, केस वाळेनात, वास दुप्पट झाला. गणपती तोंडावर आले आणि मामा कुणाचीतरी जीप घेऊन दारात हजर. भाऊ खाटेवर भिंतीकडे तोंड करून पडून राहिले.

आई म्हणाली, "असा घाणेरडा पाठवला तर वहिनी काय म्हणेल?" तिने पदर खोचला, गोणपाट टाकलं. "पण कुत्र्यापुढे रामरक्षा मी म्हणायची नाही हो!"

मग बोलायचं काय? तिने आपलीच कहाणी काढली. भाट्ये गावातलं माहेर, हुशार असून सुटलेली शाळा, थोरल्या बहिणीच्या उतरलेल्या साड्या. कापसाने तिच्या गुडघ्यावर मान टाकली. मध्ये न तोडता आईचं ऐकून घेणारा आमच्या घरातला तो पहिलाच!

तासाभराने मामा वैतागला, "ताई, आटप गं! जीप परत करायचीय मला."

आईने तांब्या पुन्हा भरला. "तू हो पुढे! आत्ताशी माझ्या लग्नापर्यंत आलेय. अजून अख्खं शेपूट राहिलंय!"