सर, खरं नक्की कोणतं काढायचं?

चित्रकला शिकायला जमलेली चार माणसं चित्रांपेक्षा किस्सेच जास्त कसे जमवतात, ते मला अजून कळलेलं नाही! ऐंशीच्या दशकात ह्यांची रेल्वेत बदली झाली आणि आम्ही जयपूरला आलो. रेल्वेच्याच ड्रॉइंग ऑफिसातले पेंडसेसर दर रविवारी आपल्या क्वार्टरमध्ये आम्हा मराठी मंडळींचा क्लास घ्यायचे. त्यांचं एकच सांगणं : "खरं तेच काढा!"

पहिल्या दिवशी सरांनी मधोमध चहाचा कप ठेवला. माझ्या बाजूने कपाचा कान दिसत नव्हता, म्हणून मी काढला नाही.

शेजारच्या सावंतवहिनी म्हणाल्या, "अगं, फुटका कप काय काढतेस?"

"मला कान दिसत नाहीये."

"पण आहे ना!"

आम्ही दोघी सरांकडे बघायला लागलो. "दोघीही बरोबर. मतलब... आधी चहा घ्या!"

मग जुन्या शहरात गेलो. भिंती मला गेरूच्या रंगाच्या दिसल्या, तशाच रंगवल्या. मागे उभा असलेला दुकानदार हळहळला, "भाभीजी, जयपुर तो गुलाबी है!"

मी समोरची भिंत दाखवली. त्याने ती नीट निरखली. "दीवार छोड़िए. आप गुलाबी कीजिए!"

म्युझियममधल्या एका जुन्या चित्रात तळं वरून दिसत होतं आणि त्यातली बदकं बाजूने. "चित्रकार उभा कुठे होता?" वहिनींनी विचारलं.

सरांनी मान तिरकी केली. मग वाकून जवळजवळ उलटी केली. चौकीदार धावत आला, "तबीयत ठीक है, साहब?"

एकदा सरांनी फळ्यावर रूळ काढले आणि लांब एका ठिपक्यात मिळवले. आमच्यातले कांबळे मालगाडीचे गार्ड. ते उठलेच. "सर, या लायनीवर गाडी नाही जाणार!"

"अहो, लांबून तसंच दिसतं!"

"दिसतं ना. पण तिथं गेलं की नसतं!"

सरांनी ठिपका पुसला. थोड्या वेळाने परत काढला.

या कांबळेंचे वडील गावी वारले, तेव्हा घरात त्यांचा एकही फोटो नव्हता. "तुम्ही सांगा, मी काढतो," सर म्हणाले. कांबळे नाक सांगत, कपाळ सांगत. सर काढत, पुसत. शेवटी कांबळेंनीच सरांचा हात धरला. "राहू द्या, सर. हे बाबा नाहीत. आता मलाच नीट आठवत नाही."

सरांनी ते चित्र कपाटाला टेकवून ठेवलं.

पुढे कांबळेंची आई अकोल्याहून राहायला आली. एका रविवारी ते तिला क्लासला घेऊन आले. चित्राबद्दल तिला कोणी काहीच सांगितलं नव्हतं. कपाटाशी टेकलेलं ते चित्र दिसलं आणि ती दारातच थबकली. डोक्यावरचा पदर पुढे ओढला, तोंड जरा भिंतीकडे वळवलं आणि हळूच म्हणाली, "जेवले का?"