करवंटीतला सुगंधी गालिचा

आमच्या वालावली गावात क्रीपिंग थाइम उगवून दाखवणारा पहिला माणूस मी आहे.

थाइम म्हणजे जमिनीलगत पसरणारं, ओव्याच्या गुणाचं परदेशी झुडूप. पाय पडला की घमघमतं. निवृत्त झाल्यावर मी त्याचं बी कुरियरने मागवलं आणि लेकीला फोनवर सांगून टाकलं, "जत्रेला सासूबाईंना घेऊन ये. घरापुढच्या खळ्यात सुगंधी गालिच्यावरून अनवाणी चालवतो." तिने ते सासरी सगळ्यांना सांगितलं. आता पोरीची लाज माझ्या हातात.

बी कसलं, तपकिरीची चिमूट! (मी शिंकलो असतो तर निम्मं शेजारच्या बाबल्याकडे उगवलं असतं.) बारीक रेतीत मिसळून पेरा, वर माती टाकू नका, असं पाकिटावर होतं. मी करवंटीत रेती घेऊन बी कालवलं, करवंटी मागच्या पायरीवर ठेवली, चहा घेतला आणि मग शास्त्रशुद्ध पेरणी केली. कोंबड्यांसाठी वर मासेमारीचं जुनं जाळं ताणलं. बायकोला, सुमतीला, बजावलं, "ह्या कोपऱ्यात यंदा शेणाने सारवायचं नाही."

"बरा. पण जत्रेक लोक हसतले."

तिसऱ्या आठवड्यात हिरवं दिसलं. बाबलो कुंपणावरून वाकला.

"अण्णानूं, ही हरळ मरे."

"ही बाल्यावस्था आसा. तुका काय कळता?"

"माका नाय कळणा. माझी म्हस खाता ती, तिका कळता."

जत्रेला पाहुणे आले. विहीणबाई चपला काढून चालल्या. वाकून हुंगलं.

"वास... येतोय का हो?"

"ऊन तापलं की येतो," मी म्हणालो. ऊन डोक्यावर होतं. लेक माझ्याकडे बघेना. धरणीने पोटात घ्यावं असं वाटलं, पण तिथेही हरळीच्या मुळ्या.

विहीणबाई पाय धुवायला मागीलदारी गेल्या आणि तिथून हाक आली, "अहो, वास इथे येतोय!"

सगळे धावलो. सुमती भांडी घासते तिथे, चिऱ्यांच्या फटीफटीतून, नाजूक पानांची हिरवी चटई पसरली होती. घमघमत होती.

सुमतीने आधी चटईकडे बघितलं, मग पायरीकडे. पायरीवर तिची भांडी घासायच्या रेतीची करवंटी नेहमीसारखी ठेवलेली.

"म्हणजे माझी करवंटी तुम्ही पेरल्यात," ती म्हणाली, "आणि तुमच्या रेतीन मी टोप घासलंय."

विहीणबाईंनी रोप मागून घेतलं. लेकीने आनंदाने मिठी मारली, ती आईला.

तरी अभिमान मला आहेच. बी मी निवडलं, रेती मी कालवली. यंदाचं पाकीट आलं ते सुमतीने कपाटात ठेवून कुलूप लावलं.

"पेरणीचा काम माझा," म्हणाली. "तुम्ही टोप घासा."

घासतो. आणि आमच्याइतके लख्ख टोप वालावलीत दुसऱ्या कुणाकडे असतील तर दाखवा.