राळेगाव रस्त्याचं वळण

कळंबहून राळेगावला जाणारा रस्ता माझ्याकडे आला तेव्हा मी एकोणतीस वर्षांची होते, आणि रस्त्यांतलं आपल्याला सगळं कळतं असं माझं ठाम मत होतं. त्यातलं बरंचसं मत आजही शाबूत आहे. थोडं एका वळणावर गेलं.

मी बांधकाम खात्यात कनिष्ठ अभियंता. हा रस्ता कळंबच्या चिंतामणीला मागे टाकून निघतो, पऱ्हाटीच्या, म्हणजे कापसाच्या, आणि सोयाबीनच्या वावरांतून जातो, मध्ये सागाचं विरळ रान लागतं, मग राळेगाव येतं, आणि पुढे वडकीला तो नागपूर-हैदराबादच्या हमरस्त्याला मिळतो. कागदावर तो राज्य महामार्ग. लोकांच्या तोंडी नुसता ‘रोड’. ‘रोडवर उभा राह्यतो, ये’ म्हटलं की कोणता रोड, असं कुणी विचारत नाही.

रुंदीकरणाचा प्रस्ताव निघाला तेव्हा आमच्या उपअभियंता साहेबांनी मला सोबत जोडायला रस्त्याचा इतिहास लिहायला सांगितला. मी जुन्या नोंदवह्या काढल्या. आधी ती कापसाच्या बैलबंड्यांची वाट होती. मग मुरूम पडला. मोठ्या दुष्काळात गावोगावच्या बायामाणसांनी फोडलेली गिट्टी आली आणि नंतर डांबर. सगळं ओळीनं लागत गेलं. अडलं फक्त एका ठिकाणी. मधल्या एका गावाजवळ, सुतासारखा सरळ आलेला रस्ता अचानक वाकडा होतो, एका नाल्याकाठच्या सखल वावराला मोठा वळसा घालतो आणि पुन्हा पहिल्या रेषेत येतो. का, ते बघून कळत नव्हतं. आमचा ड्रायव्हर म्हणायचा, पाटलानं आपल्या कापसाच्या जिनिंगसमोरून वळवून घेतला. गावात विचारलं तर कुणी सांगायचं, साहेबाचा घोडा तिथं अडला होता. जिनिंग तर तिथून पार लांब होतं.

त्याच सुमारास एक बाई ऑफिसात आल्या. चाळिशीच्या, डोक्यावरून पदर, हातात अख्ख्या गावाच्या सह्यांचा अर्ज. खुर्चीवर बसायच्या आधीच म्हणाल्या,

“म्याडम, ते वळण काढा. माहा माणूस तिथंच गेला.”

दोन वर्षांपूर्वी, थंडीच्या दिवसांत, सकाळी दहाच्या उजेडात त्यांचा नवरा मोटारसायकलवरून कळंबला निघाला होता. वळणावर समोरून ट्रक आला. दोघांनाही एकमेकांची गाडी दिसली ती अगदी अंगावर आल्यावर. त्यांच्या आधी आणि नंतरही तिथं माणसं पडली होती. नवऱ्यामागे वावर त्या स्वतः पाहत होत्या.

“नवी लाइन सरळ काढली तर माह्याच वावरातून जाते, मले माहीत हाय,” त्या म्हणाल्या. “घ्या वावर. मी आडवी येत नाही. पण रोड सरळ करा.”

मला ते पटलंच होतं. सल्लागार कंपनीनं ड्रोन उडवून काढलेली रेषाही सरळच होती. सरळ रस्ता म्हणजे चांगला रस्ता, असं मी कॉलेजपासून मानत आले होते. मी त्यांना म्हटलं, “ताई, होऊन जाईल.” इतक्या सहज म्हटलं की पुढे ते शब्द परत घेताना मला जड गेलं.

राहिला होता तो फक्त इतिहास. नोंदवहीत त्या जागेपुढे एकच ओळ होती : पुरात रस्ता वाहून गेल्याने मार्ग बदलला. मला याहून जास्त हवं होतं. त्या काळच्या मैलकुलींपैकी एकजण अजून आहे असं कळलं. मैलकुली म्हणजे रस्त्याचा आपापला तुकडा सांभाळणारा खात्याचा मजूर. खड्डा बुजवायचा, रस्त्याखालून पाणी जाणारी मोरी साफ करायची, साइडपट्टीचं गवत काढायचं. हा म्हातारा नाल्याच्या वरच्या अंगाला कोलाम आदिवासींच्या पोडावर राहायचा. पोड म्हणजे त्यांची वस्ती.

मी गेले तेव्हा तो अंगणात बांबूची टोपली विणत बसला होता. ऐंशीच्या पुढचा, पण हात न थांबणारे. मी नोंदवहीतली ओळ वाचून दाखवली.

“वाहून गेला?” तो हसला. “वाहून नाही गेला बाई. आमी फोडला.”

मला वाटलं, ऐकण्यात चूक झाली.

“कोणी फोडला?”

“आमी. पहिली कुदळ माही. मी नोकरीले लागून दोनच वर्षं झालते.”

मग त्यानं सांगितलं. रस्ता तेव्हा सरळच होता, सखल जागेतून भराव घालून नेलेला. खाली एक मोरी होती. त्या साली तीन दिवस झड लागली. नाल्यानं वरच्या रानातून ओंडके आणि पालापाचोळा आणला, मोरी तुंबली, आणि रस्त्याचा भराव धरणाच्या भिंतीसारखा पाणी अडवून उभा राहिला. पाणी मागं मागं सरकत पोडात शिरलं.

“आमच्या घराईत कंबरभर पाणी. बुढे माणसं झाडाखाली बसलेले, लेकरं खांद्यावर. मी मोरी मोकळी कराले गेलतो. बांबू घातला, काही हलेना. मंग मी रोडवर चढलो. रोज ज्याले मुरूम घालत होतो त्याच रोडवर कुदळ मारली. मले पाहून बाकीचे आले. दुपारपर्यंत वाट फुटली अन् पाणी असं गेलं...” त्यानं टोपली खाली ठेवून दोन्ही हात पुढे ढकलले.

“मग? नोकरी?”

“दुसऱ्या दिवशी ओव्हरसियर साहेब आले. मले विचारलं, कोनं केलं? मी म्हटलं, मीनं. त्याईनं पोड पाह्यलं, भिंतीवरच्या पाण्याच्या खुणा पाह्यल्या. मले काढलं नाही. वहीत लिवलं, वाहून गेला. अन् रोड बाजूच्या उंच जागेवरून वळवून घेतला. दोन महिने स्वतः उभे राहून.”

मी ऐकून निघून येणारी नव्हते. आठवण खरी असली तरी अभियंत्याला पुरावा लागतो. त्या ताईंची परवानगी घेऊन मी त्यांच्या वावरात, सोयाबीन निघालेल्या भागात, जुन्या सरळ रेषेवर चार ठिकाणी खड्डे घेतले. वर हातभर काळी माती, तिच्याखाली मुरूम आणि दगडाचा थर. “म्हणून इथं नांगराले गिट्टी लागते,” ताई खड्ड्यात वाकून म्हणाल्या. तिसऱ्या खड्ड्यात मात्र दगड नव्हता, नुसता बारीक गाळ. म्हातारा माझ्याबरोबर काठी टेकत आला होता. त्यानं काठी त्या खड्ड्यात टेकवली. “इथंच मारली कुदळ.”

मग मी दुर्बिणीची लेव्हल लावून जागोजागच्या उंच्या घेतल्या. पोडावरची खालची घरं त्या सखल जागेच्या फार वर नव्हती. नवा रस्ता जेवढा उंच येणार होता, तेवढा भराव तिथं टाकला तर पाणी पुन्हा त्याच घरांत जाणार होतं. पूल मोठा केला तरी दोन्ही बाजूंचा भराव आणि नाल्यातून येणारे ओंडके चुकणार नव्हते. मी तीन वेळा गणित केलं. तिन्ही वेळा तेच.

साहेब कागद बघून वैतागले. “गाव सरळ मागतंय, कंपनीनं सरळ काढलाय, आणि तुम्हाला वळण पाहिजे?”

“हो साहेब. वळणच पाहिजे. पण चांगलं.”

“आणि माणसं मरतात त्याचं?”

 याचं उत्तर शोधायला मी दुसऱ्या दिवशी सकाळी दहाला एकटीच त्या वळणावर गेले, माझी स्कूटी घेऊन. पौष चालू होता. कळंबच्या तोंडानं निघाले आणि वळणाच्या सुरुवातीलाच थांबले. सीटवर बसून पुढे पाहिलं, आणि समजलं. वळणाच्या आतल्या अंगाला, डांबराच्या कडेपर्यंत, माणसाच्या डोक्याच्या वर तूर उभी होती. शेंगांनी लगडलेली, दाट. तिच्यापलीकडचा रस्ता दिसतच नव्हता. पावसाळ्यात तूर लहान, उन्हाळ्यात वावर रिकामं. म्हणून आमच्या पाहणीत ते कधी आलं नव्हतं; खड्डे घेतानाही माझी नजर जमिनीतच होती. अपघात सगळे थंडीतले होते.

ती तूर ताईंची होती.

तासभर मी तिथंच उभी होते. हे न सांगता काम करून घेता आलं असतं. जमिनीची पट्टी हवी एवढंच कळवलं असतं तर त्यांनी दिली असती. पण ज्या बाईला मी ‘होऊन जाईल’ म्हटलं होतं, तिला अर्धं सांगणं मला जमणार नव्हतं. मी त्यांच्या घरी गेले, रस्ता सरळ का होणार नाही ते पोडाच्या पाण्यासकट सांगितलं. त्या चिडल्या.

“मंग इतके दिवस मले कायले आशा लावली?”

“चूक झाली माझी. आता माझ्यासोबत वळणावर चला.”

मी त्यांना स्कूटीच्या पुढच्या सीटवर बसवलं आणि हँडल धरून उभी राहिले. “ताई, समोर काय दिसतंय?”

“काय दिसते? तूर दिसते.”

एवढं बोलून त्या थांबल्या. पलीकडून एका ट्रकचा आवाज येत होता, आणि ट्रक दिसत नव्हता. तो अगदी जवळ आल्यावरच तुरीआडून बाहेर पडला आणि आमच्या शेजारून गेला. ताईंनी पदर तोंडाला लावला.

“आमचीच,” त्या म्हणाल्या. “त्या सालीची त्याईनंच पेरली होती. रोडच्या धुऱ्यापर्यंत पेरायचे ते, वितभर जागा सोडत नव्हते.”

“ताई, इथं किती जागा मोकळी पाहिजे हे तुम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं. ते सांगायचं काम आमचं होतं.”

 त्या स्कूटीवरून उतरल्या, वावरात शिरल्या आणि रस्त्यापासून पावलं टाकत आत गेल्या. तुरीतून त्यांचा आवाज आला, “इथपर्यंत पुरते का?”

“अजून आत.”

“इथं?”

“हो. तिथं.”

जमिनीच्या पट्टीचं संपादन रीतसर व्हायला वेळ लागला, पण त्या थांबल्या नाहीत. त्याच आठवड्यात त्यांनी तेवढी तूर शेंगा वाळायच्या आधीच कापून टाकली. पुढच्या हंगामात त्या पट्टीत मूग होता, गुडघ्याच्या खाली राहणारा. रस्त्याचं काम झालं तेव्हा आम्ही वळण आणखी सैल केलं, बाहेरची कड उंच घेतली आणि आतली बाजू मोकळी ठेवली. इतिहासाच्या पानावर मी काय झालं ते जसंच्या तसं लिहिलं. त्याआधी म्हाताऱ्याला विचारायला गेले होते.

“लिवा,” तो म्हणाला. “आता मले कोन नोकरीवरून काढते?”

गेल्या दोन पावसाळ्यांत नाला दोनदा भरून आला. पाणी सखल वावरात पसरलं आणि तसंच पुढे निघून गेलं. पोड कोरडं राहिलं. वळणावर त्यानंतर एक बैल तेवढा गाडीला धडकून लंगडला, माणूस कुणी नाही.

परवा राळेगावला जाताना ताई वावरात निंदण करताना दिसल्या. मी गाडी थांबवली. त्या विळा हातात घेऊनच रस्त्यावर आल्या, खुशाली विचारायच्या आधीच बोलल्या,

“म्याडम, शाळेच्या पोरी बसची वाट पाहत उन्हात उभ्या राह्यतात. बसथांबा वळणापल्याडच्या झाडाखाली सरकवा नं.”

मी डिकीतून टेप काढला. एक टोक त्यांनी धरलं, एक मी, आणि आम्ही जागा मोजायला लागलो.